मगर, मासे आणि पदरमोड

माणूस खाणारे मासे लिहायला सोपे असतात. अवघड जातो तो माणूस. नदीत पिरान्हा सुटलेत हे एकदा कळल्यावर कुठला शहाणा पाण्यात पाय घालेल? आणि पाण्यात कुणी उतरलंच नाही, तर सिनेमा अर्ध्या तासात आटोपायचा. ‘पिरान्हा’ची पटकथा नव्याने लिहायला बसलेल्या जॉन सेल्सपुढे हाच पेच होता. त्याने तो भूगोलाने सोडवला. मासे प्रवाहाबरोबर खाली निघालेत. खाली मुलांचं उन्हाळी शिबिर आहे, त्याच्याही खाली एक नवंकोरं रिसॉर्ट, उद्घाटनाचे पाहुणे जमलेले. नायक-नायिकेला माशांच्या आधी तिथे पोचायचंय आणि हाताशी आहे एक तराफा. झालं! आता पाण्यात उतरणं आलंच.

या कामाचे त्याला दहा हजार डॉलर मिळाले. सिनेमा १९७८ मध्ये लागला. वरवर पाहता ‘जॉज’ची स्वस्तातली नक्कल, पण हे मासे आले कुठून याचं उत्तर सेल्सने असं दिलंय की व्हिएतनामच्या नद्यांत सोडण्यासाठी अमेरिकन लष्करानेच ते गुपचूप तयार केले होते. युद्ध संपलं, मासे उरले. चटणीबरोबर कडुनिंबाचा पाला देण्याची ही सवय त्याला तेव्हापासूनची.

सेल्सचं नाव आपल्याकडे फारसं कुणी घेत नाही. टॅरंटिनो म्हटलं की कान टवकारतात, सेल्स म्हटलं की ‘कोण बुवा?’ पण मोठ्या स्टुडिओच्या तिजोरीकडे न बघता सिनेमा काढायचा, ही जी अमेरिकन स्वतंत्र सिनेमाची वाट आहे, ती मळवणाऱ्यांत तो अगदी पुढे होता. त्याची युक्तीही साधी होती. दुसऱ्याच्या घरची धुणीभांडी करायची आणि त्या पैशांत आपली पोरं शिकवायची. धुणीभांडी म्हणजे हॉलिवूडच्या पटकथा. पोरं म्हणजे स्वतःचे सिनेमे.

सॉसेज ते सिनेमा

जन्म १९५० चा, न्यूयॉर्क राज्यातल्या स्कनेक्टडी गावचा. कॉलेज झाल्यावर त्याने वृद्धाश्रमात मदतनिसाचं काम केलं, सॉसेजच्या कारखान्यात राबला आणि सोबत कथा लिहून मासिकांकडे पाठवत राहिला. १९७५ मध्ये पहिली कादंबरी आली. तिच्यातला सॉफ्टबॉल संघ बायकांचे कपडे घालून गावोगाव खेळत फिरतो. दुसरी, ‘युनियन ड्यूज’, १९७७ ची. तिला थेट ‘नॅशनल बुक अवॉर्ड’चं नामांकन. म्हणजे गडी साहित्यात रीतसर नाव काढत होता. आणि नेमका तेव्हाच तो माशांकडे वळला.

वळवलं ते फ्रान्सिस डोएलने. रॉजर कॉर्मन या बी-ग्रेड सिनेमांच्या सम्राटाकडे ती पटकथांचं काम बघायची. सेल्सच्या कथा तिच्या वाचनात होत्या. पुरस्कारांच्या यादीतला कथाकार माशांच्या सिनेमाला बोलवायचा, हा तिचा निर्णय मला आजही धाडसी वाटतो. अर्थात नवा लेखक स्वस्तात पडतो, हा हिशेबही कंपनीच्या लक्षात आला नसेल असं नाही. कॉर्मनची ख्यातीच तशी होती.

ती ख्याती सेल्सच्याच एका सिनेमात कायमची कोरली गेलीय. ‘द हाउलिंग’ हा १९८१ चा लांडगामानवांचा भयपट. दिग्दर्शक जो डान्टे, तोही कॉर्मनच्याच तालमीतला. सुरुवातीला नायिका टेलिफोन बूथमध्ये आहे आणि बाहेर एक गृहस्थ ताटकळतोय. ती बाहेर पडते, तो आत शिरतो आणि आधी नाणं परत येतं त्या खाचेत बोट घालून बघतो, एखादं विसरून राहिलंय का! हा गृहस्थ म्हणजे खुद्द कॉर्मन. चेल्यांनी गुरूला कवडीचुंबक ठरवलं आणि गुरूने ती भूमिका हसत केली. याच सिनेमातल्या बऱ्याच पात्रांची नावं जुन्या लांडगामानवपटांच्या दिग्दर्शकांवरून ठेवलीत. शवागारातला कर्मचारी मात्र नीट बघून घ्या. तो सेल्स.

गटारातली वर्गव्यवस्था

१९८० चा ‘अ‍ॅलिगेटर’. मगरीचं पिल्लू संडासात टाकून फ्लश केलं जातं. खाली गटारात ते प्रयोगशाळेने फेकलेली कुत्र्यांची प्रेतं खातं. त्या कुत्र्यांना वाढीची औषधं टोचलेली असतात, त्यामुळे मगर वाढता वाढता ट्रकएवढी होते. इथपर्यंत ठीक आहे, असल्या गोष्टी गावगप्पांतही असतात. पण ही मगर जेवते कशी ते बघा. सुरुवात गटारात उतरणाऱ्या कामगारापासून. मग वस्तीतली माणसं. मग एकेक पायरी चढत शेवटी उद्योगपतीच्या घरच्या लग्नात, थेट महापौरापर्यंत. समाजाची उतरंड तिने खालून वर खात नेलीय. पॉपकॉर्न खाणाऱ्याला हे कळलं नाही तरी बिघडत नाही, मगर आपलं काम चोख करते.

त्याच वर्षी ‘बॅटल बियॉन्ड द स्टार्स’. कुरोसावाचा ‘सेव्हन सामुराई’ उचलून अंतराळात नेऊन ठेवलेला. आपल्याकडे त्याच घराण्यातून ‘शोले’ आला, त्यामुळे लुटारू, गाव आणि भाड्याचे रक्षक ही गोष्ट आपल्याला नवी नाही. सेल्सने उचलेगिरी लपवली तर नाहीच, उलट ग्रहाचं नाव ठेवलं ‘अकिर’ आणि तिथल्या रहिवाशांना म्हटलं ‘अकिरा’. कुरोसावाचं पहिलं नाव! त्याच गोष्टीवरच्या ‘द मॅग्निफिसंट सेव्हन’मधला रॉबर्ट व्हॉन इथेही जवळपास त्याच भूमिकेत आहे. आणि या सिनेमाची यानं बनवणाऱ्या पोरांमध्ये एक जेम्स कॅमेरॉन नावाचा होता.

एकट्या राहिलेल्या पाहुण्याची गोष्ट

स्पीलबर्गने सेल्सकडून ‘नाइट स्काइज’ नावाची पटकथा लिहून घेतली. परग्रहावरचे उपद्रवी जीव एका शेतकरी कुटुंबाच्या घराला वेढा घालतात, असं भीतीचं प्रकरण. त्या टोळीत एक भला जीव असतो आणि घरातल्या स्वमग्न मुलाशी त्याची गट्टी जमते. शेवटी सगळे निघून जातात आणि हा भला जीव पृथ्वीवर एकटा मागे राहतो.

ओळखीचं वाटतंय? सेल्सची गोष्ट जिथे संपते, तिथून ‘ई.टी.’ सुरू होतो. ‘नाइट स्काइज’ कधी बनलाच नाही. ‘ई.टी.’ मेलिसा मॅथिसनने लिहिला, श्रेय तिचं, आणि सेल्सने त्यावर हक्क सांगितला नाही. (‘ई.टी.’ म्हटलं की आपल्याकडे सत्यजित राय यांच्या ‘द एलियन’ या पटकथेशी असलेल्या साम्याचा विषय निघतोच. त्या वादात आत्ता शिरत नाही, नाहीतर हा लेखही पृथ्वीवरच राहून जाईल.)

हॉलिवूडमध्ये असं वरचेवर होतं. दुसऱ्याच्या पटकथेची नाडी बघून औषध देणाऱ्याला ‘स्क्रिप्ट डॉक्टर’ म्हणतात. पडद्यावर कुणाचं नाव जाणार हे लेखकांची संघटना ठरवते, आणि मधल्या डॉक्टरांना बहुतेक वेळा फक्त फी मिळते. ‘अपोलो १३’वर सेल्सचा हात फिरलाय, नाव नाही. ‘मिमिक’ या कीटकपटावरही तेच. ‘ज्युरासिक पार्क’च्या चौथ्या भागाचा एक खर्डा त्याच्याकडे होता. त्यात शिकवून तयार केलेले डायनासोर चक्क मोहिमेवर पाठवले जातात. तो खर्डा बासनात गेला. पुढे २०१५ मध्ये ‘ज्युरासिक वर्ल्ड’ आला, तेव्हा त्यातले डायनासोर शिट्टीवर नसले तरी शिकवणीला होतेच. ‘द स्पायडरविक क्रॉनिकल्स’ला मात्र इतरांबरोबर त्याचं नाव आहे. एवढ्या वर्षांत नाव नसण्याबद्दल त्याने फारसा त्रागा केलेला दिसत नाही. चेक वटला म्हणजे झालं.

चाळीस हजारांत सात मित्र

आता पोरांकडे वळू. माशांसारख्या पटकथांतून सुटलेले साधारण चाळीस हजार डॉलर सेल्सकडे होते. एवढ्यात हॉलिवूडमध्ये ट्रेलरही होत नाही. बाकीचे लोक कथा लिहितात आणि मग पैसे शोधतात. सेल्सने आपल्याकडे काय काय आहे याची आधी यादी केली आणि त्या यादीतून कथा काढली.

काय होतं? न्यू हॅम्पशरमधल्या उन्हाळी नाटकमंडळीतले मित्र. सगळे तिशीच्या उंबरठ्यावर आणि कुणीच नटांच्या संघटनेचा सभासद नाही, म्हणजे संघटनेचे दर लागू नाहीत. तर मग कथा तिशीला आलेल्या मित्रांची. बर्फाच्या मोसमात चालणारं एक लॉज उन्हाळ्यात रिकामं पडलेलं. तर मग सगळी कथा एका घरात, शनिवार-रविवारला जमलेल्या मित्रांची. मंडळी राहणार तिथेच, शूटिंगही तिथेच. कॅमेरा फिरवायला ट्रॉली परवडत नाही. तर मग पात्रं भरपूर ठेवा. एक बोलला की दुसऱ्याच्या तोंडावर कट, तिथून तिसऱ्याच्या, म्हणजे कॅमेरा जागचा न हलताही सिनेमा हलत राहील. तरीही मध्ये बसकेपणा येणारच. म्हणून लिहिला बास्केटबॉलचा सामना. कॅमेरा पळू शकत नसेल तर माणसांना पळवा!

या सामन्याकडे नीट बघा. मित्र खेळतायत, घामाघूम झालेत, कोपर लागतंय, चेंडू हिसकावला जातोय. संवाद जवळजवळ नाहीतच. पण या मंडळींच्या जुन्या प्रेमांचे आणि नव्या जोड्यांचे सगळे गुंते आपल्याला आधी कळलेत, त्यामुळे कोण कुणाला जरा जास्तच जोरात ढकलतोय हे बरोबर लक्षात येतं. ट्रॉली परवडत नाही म्हणून लिहिलेला प्रसंग, आणि सिनेमातला सगळ्यात बोलका तोच.

‘रिटर्न ऑफ द सिकॉकस सेव्हन’ हे त्या सिनेमाचं नाव. पूर्वी एकदा वॉशिंग्टनच्या निदर्शनांना निघालेली ही टोळी वाटेत सिकॉकस नावाच्या गावी पकडली गेली होती, म्हणजे क्रांती पोचलीच नाही. नावातच थट्टा आहे. सगळं आवरेपर्यंत खर्च साठ हजारांच्या घरात गेला. १९८० मध्ये प्रदर्शन झालं, लॉस एंजेलिसच्या समीक्षकांनी पटकथेचा पुरस्कार दिला आणि १९९७ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत जतन करण्याजोग्या सिनेमांमध्ये त्याची नोंद झाली. तीन वर्षांनी आलेल्या ‘द बिग चिल’शी त्याची तुलना अजून होते. तिथे स्टार होते, बजेट होतं. इथे लॉज होतं.

सिनेमाच्या नटांत एक नाव मॅगी रेन्झी. सेल्सची कॉलेजपासूनची सोबतीण. पुढच्या बहुतेक सिनेमांची निर्माती तीच. संसार आणि कंपनी एकाच चुलीवर. लेखन सेल्सचं, दिग्दर्शन सेल्सचं, संकलनही बहुतेक वेळा सेल्सचंच. घरचं कार्य म्हणतात ते हेच.

‘जीनियस’चा पगार आणि मुका नायक

१९८३ मध्ये त्याला मॅकआर्थर फेलोशिप मिळाली, लोक जिला ‘जीनियस ग्रँट’ म्हणतात. पाच वर्षं, दर वर्षी तीस हजार डॉलरच्या वर, आणि कशावर खर्च केले असं कुणी विचारायचं नाही. दुसऱ्या कुणी घराचा हप्ता फेडला असता. त्या वेळी कोळसा खाणकामगारांवरच्या त्याच्या मोठ्या सिनेमासाठी पैसे उभे राहत नव्हते. मग याने हार्लेमला उतरलेल्या परग्रहवासीयाचा सिनेमा काढला.

‘द ब्रदर फ्रॉम अनदर प्लॅनेट’, १९८४. नायक काळा आहे, पायाला तीन बोटं आहेत, पळून आलेला गुलाम आहे आणि मुका आहे. संवादांसाठी नावाजलेल्या लेखकाने नायकाच्या तोंडी एक शब्दही दिला नाही! जो मॉर्टनने ती भूमिका नुसत्या डोळ्यांनी पेलली. त्याला पकडायला आलेल्या काळ्या कपड्यांतल्या दोन गोऱ्यांपैकी एक सेल्स.

त्यातला भुयारी रेल्वेचा प्रसंग मी कितीतरी जणांना सांगितलाय. एक गोरा पोरगा डब्यात नायकाला पत्त्यांची जादू दाखवतोय. पत्ते हलतायत, लांबलचक गोष्ट चाललीय, नायक मख्ख. मग पोरगा म्हणतो, आता आणखी एक जादू दाखवतो, या डब्यातली सगळी गोरी माणसं गायब करून! गाडी एकोणसाठाव्या रस्त्याच्या स्टेशनावर थांबते. पुढचं स्टेशन थेट एकशे पंचविसावं, म्हणजे हार्लेम. दारं उघडतात आणि सगळे गोरे भराभर उतरून जातात. जादूगार पोरगाही त्यांच्यातच. शहराच्या फाळणीवर यापेक्षा कमी शब्दांत कुणी लिहिलं असेल तर मला दाखवा. आणि यातला विशेष परिणाम कोणता? रेल्वेचं वेळापत्रक!

खाण, बेसबॉल आणि अकरा वर्षं

खाणकामगारांचा तो सिनेमाही शेवटी झाला. ‘मेटवान’, १९८७. १९२० मध्ये वेस्ट व्हर्जिनियातल्या मेटवान गावी संप फुटावा म्हणून कंपनीने आणलेले भाडोत्री डिटेक्टिव्ह आणि गावकरी यांच्यात गोळीबार झाला, दहा माणसं मेली. सिनेमात युनियनचा कार्यकर्ता झालेला क्रिस कूपर तेव्हा पडद्यावर पहिल्यांदाच येत होता. छायालेखक हॅस्केल वेक्सलरला ऑस्करचं नामांकन मिळालं. आणि युनियनविरुद्ध आग ओकणारा पाद्री? सहा फूट चार इंचांचा जॉन सेल्स. ज्या बाजूचा त्याला मनापासून राग आहे त्या बाजूची भूमिका तो बऱ्याचदा स्वतःकडे घेतो. नटाचं मानधन वाचतं हा भाग वेगळा.

‘एट मेन आउट’ची तऱ्हा निराळी. १९१९ च्या बेसबॉल घोटाळ्यावरची ही पटकथा त्याने सत्तरच्या दशकात लिहिली ती एजंटला नमुना दाखवायला, सोनार कसाला सोनं लावतो तशी. एजंट मिळाला. सिनेमा यायला मात्र १९८८ उजाडलं, म्हणजे अकरा वर्षं.

मधल्या काळात त्याने ब्रूस स्प्रिंगस्टीनच्या तीन गाण्यांचे व्हिडिओ केले, त्यात ‘बॉर्न इन द यू.एस.ए.’ही आहे. का, तर मित्रत्वाचा व्यवहार होता. सेल्सच्या ‘बेबी इट्स यू’मध्ये स्प्रिंगस्टीनची गाणी आहेत. कथा साठच्या दशकातली आणि गाणी सत्तरची! पण कानाला ते खटकत नाही.

नटांशी वागण्याची त्याची एक पद्धत मला फार आवडते. शूटिंगआधी तो प्रत्येक नटाला त्याच्या पात्राची पूर्वकथा लिहून पाठवतो. कुठे वाढला, काय शिकला, कुणावर राग आहे. अगदी दोन वाक्यांच्या भूमिकेलाही. पडद्यावर यातलं काहीच दिसत नाही, पण चहाचा कप ठेवणारा माणूसही आपलं एक आयुष्य असल्यासारखा कप ठेवतो.

टोपलीखालचं १९५७

‘लोन स्टार’, १९९६, हे त्याचं सगळ्यात गाजलेलं काम. टेक्सास आणि मेक्सिकोच्या सीमेवरचं एक काल्पनिक गाव, वाळवंटात सापडलेला एक सांगाडा आणि बापाच्या दबदब्याखाली वाढलेला शेरिफ. फ्लॅशबॅक म्हटलं की पडदा धूसर होतो, वाद्यं वाजतात, हे आपल्या अंगवळणी पडलंय. सेल्सने काय केलं ते बघा.

कॅफेत महापौर हॉलिस जुन्या, लाचखोर शेरिफची गोष्ट सांगत बसलाय. कॅमेरा त्याच्या तोंडावरून सावकाश खाली उतरतो आणि टेबलावरच्या टोर्टियाच्या टोपलीवर येतो. टोर्टिया म्हणजे त्यांची पोळीच. एक हात पुढे येतो आणि टोपलीत दडवलेले पैसे काढून घेतो. कॅमेरा त्या हातामागून वर जातो तेव्हा समोर तोच मेलेला शेरिफ बसलाय. आपण १९५७ मध्ये आहोत. कट नाही, धूर नाही. टेबल तेच, काळ तेवढा सरकला. सगळ्या सिनेमात भूतकाळ असाच बाजूच्या खुर्चीवर बसून असतो. खर्च काय, तर नटांनी कॅमेऱ्याच्या मागून गुपचूप जागा बदलायच्या.

या पटकथेला ऑस्करचं नामांकन मिळालं. त्याआधी १९९२ च्या ‘पॅशन फिश’लाही मिळालं होतं. एकदा नील जॉर्डन आडवा आला, एकदा कोएन बंधूंचा ‘फार्गो’. दोन्ही वेळा सेल्स हात हलवत परत.

स्पॅनिश आणि कोरं पान

‘लोन स्टार’नंतर कुणीही शहाणा माणूस मोठं बजेट घेऊन बसला असता. सेल्सने पुढचा सिनेमा, ‘मेन विथ गन्स’, स्पॅनिशमध्ये आणि लॅटिन अमेरिकेतल्या आदिवासींच्या भाषांत काढला. इंग्रजीला त्यात जेमतेम जागा, तीही भोळसट अमेरिकन पर्यटकांपुरती. स्पॅनिश तो आधीच शिकला होता, एका कादंबरीच्या नादाने.

मग १९९९ चा ‘लिंबो’. अलास्कात अडकलेली तीन माणसं. आकाशात विमानाचा आवाज येतो. त्यात सुटका करणारे आहेत की मारेकरी? पडदा पांढरा होतो. संपलं. प्रेक्षक चिडले, आणि मला विचाराल तर चिडण्याचा हक्क त्यांना होता. तरी वीस-पंचवीस वर्षांनी त्यातलं आठवतं ते नेमकं तेच विमान.

पुढे पैसे देणारे कमी होत गेले. ‘हनीड्रिपर’ला सेल्स आणि रेन्झी यांनी स्वतःच्या खिशात हात घातला. फिलिपिन्समध्ये केलेला ‘अमिगो’ २०१० चा, ‘गो फॉर सिस्टर्स’ २०१३ चा. त्यानंतर सेल्सचा नवा सिनेमा आलेला नाही.

पटकथा मात्र ट्रंकेत पडून होत्या, आणि कादंबरीकार घरातच होता. मग उलटा प्रवास सुरू झाला. लोक कादंबरीची पटकथा करतात, याने पटकथांच्या कादंबऱ्या केल्या. फिलिपिन्सच्या युद्धकाळावरची ‘अ मोमेंट इन द सन’ साडेनऊशेपेक्षा जास्त पानांची आहे, २०११ ची. ‘जेमी मॅकगिलिव्हरे’ ही मुळात रॉबर्ट कार्लाइल या स्कॉटिश नटासाठी लिहिलेली पटकथा. ती २०२३ मध्ये कादंबरी होऊन आली. सुरुवात १७४६ च्या कलोडनच्या लढाईने. दोन्हीकडची फौज, घोडे, तोफा, चिखल, सगळं तिथे हजर आहे. कागदावर हजारो सैनिक उभे करा, दुपारी एकालाही जेवण द्यावं लागत नाही.